शेवटी पेरलेली ज्वारी

बाई, तुमच्या तेरवीला पंगतीत गव्हाच्या पोळ्या वाढल्या. वरण-भात, आलू-वांग्याची भाजी, बुंदी आणि पोळ्या. गाव पोटभर जेवलं, हात धुतले आणि मांडवाखाली बसून तुमच्याबद्दल चार शब्द बोललं. "लय कष्टाची बाई." "कधी कोनाले उलटून बोलली नाई." मी बुंदीचं घमेलं घेऊन पंगतीत फिरत होते. ते तिथंच आपटावं असं वाटलं मला. उलटून बोलली नाही? बावीस वर्षं मी तुमची धाकटी जाऊ म्हणून तुमच्यासोबत एका चुलीवर स्वयंपाक केला. दर मिरगाला, पावसाच्या तोंडावर, तुम्ही उलटून बोललात. दर मिरगाला तेच वाक्य बोललात. कोणी ऐकलं नाही, म्हणून तुम्ही बोललाच नाहीत असं आता गावात ठरून गेलं आहे.

ते वाक्य मी इथं लिहून ठेवते. "पह्यले जवारी पेरा, मंग पऱ्हाटीचं पाहा."

एवढंच मागत होतात तुम्ही. दागिना नाही, माहेरी जायला गाडी नाही. फक्त पेरणीची तिफन आधी ज्वारीत जाऊ द्या, पऱ्हाटीत, म्हणजे कापसात, नंतर.

आपल्या घरात बैलांची जोडी एक. पाऊस पडून जमिनीत ओल गेली की भासरे, तुमचे मालक आणि माझे थोरले दीर, ती जोडी कापसाच्या वावरात न्यायचे. तिथं उभ्या-आडव्या रेघा ओढून फुल्या पाडायच्या आणि प्रत्येक फुलीवर बायांनी वाकून सरकी, कापसाचं बी, मातीत डोबायची. पाकिटातली सरकी महागाची, तिची ओल चुकता कामा नये, म्हणून तुमचे हात, माझे हात, शेजारणींचे हात, सगळे कापसात. आपलं झालं की सोयऱ्यांच्या वावरात फुल्या पाडून द्यायच्या. मग तूर. आणि सगळ्यांचं सगळं आटोपलं, बैल दमले, आपल्या कमरा मोडल्या, की मग नाल्याजवळच्या त्या दोन एकरांत ज्वारी. तोवर पंधरा दिवस गेलेले असायचे. भासरे म्हणायचे, "जवारीले काय होते? थे तर गवत आहे."

काय होते ते तुम्हाला माहीत होतं. लग्नानंतरच्या पहिल्याच पावसाळ्यात तुम्ही मला त्या वावरात घेऊन गेलात. रोपं वीतभर झाली होती. लांबून सगळं हिरवं दिसत होतं. तुम्ही एका रोपाशी बसलात, पान उलटं केलंत आणि नखानं दाखवलंत: पानाच्या पाठीवर पांढरं, लांबट, तांदळाच्या कणीहूनही बारीक काहीतरी चिकटलेलं होतं. "हे अंडं. खोडमाशीचं." माशी तुम्ही मला नंतर दाखवलीत, सकाळच्या उन्हात पानावर बसलेली. घरातल्या माशीसारखीच, पण लहान, राखाडी रंगाची. तिच्याकडे कोणी दुसऱ्यांदा पाहणारही नाही. अंड्यातून अळी निघते, पानावरून सरकत खाली पोंग्यात, मधल्या गुंडाळलेल्या पानात, शिरते आणि रोपाचा वाढीचा कोंबच कुरतडते. मग मधलं पान सुकतं. बाकीची पानं चार दिवस हिरवीच राहतात, म्हणून धुऱ्यावरून, बांधावरून, पाहणाऱ्या माणसाला वाटतं की पीक बरं आहे.

"हात लाव," तुम्ही म्हणालात. मी तो सुकलेला पोंगा धरला आणि तो ओढायच्या आधीच अलगद हातात आला. तुम्ही माझा हात धरून तो माझ्या नाकाशी नेलात. बाई, काय वास होता तो! कुजलेला, आंबूस. मी ओरडले, हात झटकला. तुम्ही पदर तोंडाला लावून हसत सुटलात.

"घे वं वास. आपल्या घरच्या कोन्या मानसानं आजवर घेतला नाई."

तेव्हा मला ती थट्टा वाटली. तुम्ही खरंच सांगत होतात. त्या वावरात पोंगा उपटायला वाकायचं ते बायांनीच. भासरे यायचे ते धुऱ्यापर्यंत.

आणि धुऱ्यावर उभं राहून निकाल द्यायचे. एका वर्षी म्हणाले, बिजवाई खोटी, बियाण्यातच दोष. एका वर्षी म्हणाले, ढगाळ हवा लागली. तिसऱ्या वर्षी काय म्हणाले ते मी मरेपर्यंत विसरणार नाही. तिफनीच्या चाड्यावर, दाणे सोडायच्या वाटीवर, मूठ धरायला गावात तुमच्यासारखी बाई नव्हती. बैल चालतात, माणूस तिफन दाबतो, आणि मागून चालणारी बाई चाड्यात दाणे सोडत जाते. तिची मूठ जरा सैल झाली की काकरात दाणे ढिगानं पडतात, जरा आवळली की काकर रिकामा जातो. तुमची मूठ अशी होती की उगवल्यावर काकर दोरी धरून आखल्यासारखा दिसायचा. आणि त्या वर्षी पोंगेमर झाली तेव्हा भासरे चार माणसांत म्हणाले, "हिचा हात उतरला आता."

पुढच्या पेरणीला तुमच्याऐवजी दुसऱ्याच्या घरची बाई चाड्यावर आणली. तुम्ही बांधावर बसून पाहत होतात. ज्वारी उगवली आणि तशीच मेली. तीच माशी, तीच अळी, तोच वास. बरं, मग कोणी येऊन म्हणालं का, की चुकलं, तुमचा हात उतरला नव्हता? कोणी नाही. तुम्हाला मुकाट्यानं पुन्हा चाड्यावर बोलावलं आणि ते शब्द तसेच राहिले. माझा जीव तेव्हा जळला तो अजून जळतो आहे.

त्यात वर शहाणपण असं, की जिथं रोपं मेली तिथं पुन्हा दाणे डोबून जागा भरून काढायची. सगळं गाव तेच करायचं, अजून करतं. तुम्ही म्हणायच्या, "जेवन झालं नाई तं पुन्हा ताट वाढून राह्यले बाप्पा त्या माशीले." कारण नवा कोवळा कोंब वर येतो तोवर वावरात माशी दुप्पट झालेली असते. ती आधी त्यालाच धरते. एकदा उशिरा पेरायचं आणि मग त्याहून उशिरा पेरायचं. असली शेती आपल्या घरानं वर्षानुवर्षं केली आणि आपण दोघी कंबर वाकवून त्यात दाणे टाकत राहिलो.

ज्वारी गेली म्हणजे नुसती भाकर गेली नाही, कडबाही गेला. आपला पांढऱ्या बैल दारव्ह्याच्या बाजारात गेला तो कडब्यापायी. त्याला दावणीवरून सोडताना तुम्ही गोठ्यात थांबला नाहीत, चुलीपाशी येऊन बसलात आणि धूर नसताना डोळे पुसत राहिलात. भाकरीच्या जागी रेशनचा गहू आला. सकाळच्या कण्या आणि ताक बंद झालं. भासऱ्यांनी जाहीर करून टाकलं, "आपल्या मातीले आता जवारी मानत नाई." मातीला! मातीनं काय केलं होतं?

तुम्ही मात्र गप्प बसणाऱ्यांतल्या नव्हतात. तुमच्याबद्दल गाव काय बोलतं ते ऐकून म्हणूनच मला संताप येतो. एका मिरगाला कापसाची डोबणी चालू असताना, सगळ्या बाया जेवायला झाडाखाली बसल्या, तेव्हा तुम्ही भाकर हातात घेऊन नाल्याच्या वावरात गेलात. ओटीत दाणे होते. खुरप्यानं रेघ ओढत, दाणे टाकत, पायानं माती लोटत धुऱ्याच्या कडेनं चार काकर ज्वारी पेरून आलात. पंधरा दिवसांनी रीतीप्रमाणे बाकीचं वावर तिफनीनं पेरलं. श्रावणात काय दिसत होतं! दोन एकरांत मर लागून टकलं पडलेली आणि धुऱ्याला चार काकर डोक्याएवढे उभे. येणारा-जाणारा थांबून पाहायचा. भासऱ्यांनीही पाहिलं.

म्हणाले, "धुऱ्याची माती भारी आहे."

पुढच्या वर्षी तुम्ही ते चार काकर मुद्दाम वावराच्या मधोमध पेरले. तिथंही तेच झालं. "बायकाईचे खेळ," एवढं बोलून ते निघून गेले. तेव्हापासून दर वर्षी तुमचे चार काकर ठरलेले. त्यातली निवडक कणसं तुम्ही आढ्याला टांगायच्या आणि बिजवाई राख घालून मडक्यात भरून ठेवायच्या. मी विचारायचे, एवढी कशाला? चार काकरांना तर ओंजळभर लागते. तुम्ही म्हणायच्या, "कधी तिफन भेटलीच तं?"

त्या वर्षांत आपल्या जिल्ह्यात साहेबांच्या, पुढाऱ्यांच्या गाड्या आल्या. कापूस बुडाला होता, घराघरांत दुःख होतं, त्याबद्दल मी वाकडं बोलणार नाही. पण आलेला प्रत्येक माणूस फक्त कापसाचंच विचारून गेला. घरात काय शिजतं, बैल काय खातो, हे कोणी विचारलं नाही. मग एकदा दारव्ह्याला शेतकऱ्यांची सभा होती. मी अंगणवाडीत सेविका असल्यानं मला जाणं होतंच. तुम्ही म्हणालात, मीही येते. ओल्या फडक्यात गुंडाळून तुम्ही बरोबर काय आणलं होतं ते मला जीपमध्ये वासावरून कळलं. आजूबाजूची माणसं नाकं दाबून बसली होती आणि तुम्ही खुशाल मांडीवर ते गाठोडं धरून बसला होतात.

दोन तास कापसावरच्या बोंडअळीवर बोलणं झालं. शेवटी साहेब म्हणाले, कोणाला काही विचारायचं असेल तर विचारा. मांडवभर पुरुष. तुम्ही उठून उभ्या राहिलात. पदर सावरलात, फडकं सोडलंत आणि सरळ टेबलाशी जाऊन सात-आठ मेलेले पोंगे त्यांच्या कागदांवर ठेवलेत.

"साहेब, याचं सांगा. हे कायच्यानं थांबते ते मले मालूम आहे. पन तुमी इथून सांगतलं तं आमचे मानसं ऐकतीन."

साहेबांनी बोटाच्या टोकानं ते पोंगे बाजूला सारले. "आता ज्वारी कोण पेरतं, बाई?" असं म्हणाले आणि हसले. मांडव हसला. आपल्या गावची माणसं तर सगळ्यांत मोठ्यानं हसली. तुम्ही उत्तर दिलंत, "आमी पेरतो नं. शेवटी." पण ते हशात बुडालं. तुम्ही पोंगे परत फडक्यात बांधलेत आणि जागेवर येऊन बसलात. मला बोलायला हवं होतं. मी तुमच्या बाजूलाच बसले होते. मला सगळं येत होतं आणि मी मांडीवरच्या पिशवीचे बंद पिळत बसले.

सभेनंतर तिथल्या एका म्हाताऱ्या शिपायानं मला हाक मारली. कपाटाच्या तळातून धूळ झटकत एक घडीपत्रिका काढून दिली. जुनी, पिवळी पडलेली. त्यावर ज्वारीचं चित्र होतं. परतीच्या जीपमध्ये मी ती तुमच्या कानाशी वाचली. पाऊस झाल्यावर ज्वारी पहिल्या आठवड्यातच पेरावी. बियाणं थोडं जास्त टाकावं. पोंगेमर झालेली रोपं उपटून नष्ट करावीत. उशिरा पेरलेल्या पिकावर खोडमाशी सर्वांत जास्त येते. शेवटचं वाक्य तुम्ही माझ्याकडून तीनदा वाचून घेतलंत. मग खिडकीबाहेर पाहत म्हणालात, "मंग मी खोटी नोती नं वं."

घरी येताना पांदणीत तुम्ही थांबलात.

"हे तुह्या भासऱ्याले वाचून दाखव."

"मी? मी कशी दाखवू, बाई?"

"मह्या तोंडचं थे बायकाईची बडबड म्हनते. कागदाचं म्हननार नाई."

"त्यांच्यापुढं मी आजवर बोलले आहे का?"

"मंग दरवाज्याच्या मांगं उभी राहून वाच. पदर घेऊन वाच. पन वाच."

मी हो म्हणाले. आणि वाचलं नाही. घडीपत्रिका अंगणवाडीच्या हजेरीपुस्तकात ठेवली ती तिथंच राहिली. आठ वर्षं, बाई.

आता माझीही बाजू मला मांडू द्या, कारण हे भांडण आपण पुरं केलं नाही. आपल्या घरात धाकट्या सुनेनं भासऱ्यांशी बोलायचं नाही, ही रीत मला कोणी शिकवली? लग्न होऊन महिना झाला नव्हता. भासरे ओसरीवर बसलेले असताना मी कशावरून तरी मोठ्यानं हसले. तुम्ही आत ओढून माझ्या दंडाला असा चिमटा काढलात की आठ दिवस निळं होतं. "पदर घे. त्याईच्या पुढं आवाज नाई निंघाला पायजे." चहा ठेवायचा तो उंबऱ्यावर. काही सांगायचं असलं तर तुमच्या तोंडून किंवा माझ्या नवऱ्याच्या तोंडून. मी अंगणवाडीत सरपंचाशी भांडते, मुलांच्या धान्यात खडे निघाले तर तालुक्याला जाऊन ओरडून येते, आणि घरी येऊन दाराआड उभी राहून बांगड्या वाजवते, म्हणजे भासऱ्यांना कळावं की कोणीतरी आहे. ही तुमची शिकवण. तुम्हीच माझ्या तोंडाला कुलूप लावलंत आणि मग गरज पडली तेव्हा किल्ली माझ्याकडेच मागितलीत. मी हे तुम्हाला एकदा बोलूनही दाखवलं होतं. तुम्ही पाटा धूत होतात. त्यावर पाणी ओतत म्हणालात, "चुकलंच मह्यं. पन तू तं शिकेल होती."

यांना सांगून पाहिलं होतं मी. माझा नवरा भला माणूस आहे, पण भावासमोर त्याचा आवाज माझ्याहून लहान. "दादा, जवारीचं जरा..." एवढं बोलला आणि भासऱ्यांनी मान वर केली, तर हा म्हणे, "काई नाई, कडब्याचं म्हनत होतो."

वैशाखात तुम्ही गेलात. दुपारी अंगणात सुपात बिजवाई निवडत होतात. मी आतून विचारलं, पाणी देऊ का? तुम्ही हो म्हणालात. मी पेला घेऊन आले तोवर तुम्ही सुपावर कलंडला होतात आणि दाणे अंगणभर. लोक जमले, रडारड झाली, त्यांच्या पायाखाली ते दाणे जात होते. मी रडायचं सोडून ते गोळा करत बसले. बायांना वाटलं, हिला धक्का बसला. बसलाच होता. पण मी दाणे वेचत होते ते तुम्ही निवडून ठेवलेल्या बाजूचे.

मडकं उचलून पाहिलं तर मला उचलेना. चार काकरांपुरती ओंजळ नव्हती त्यात, बाई. दोन एकरांची बिजवाई होती. किती वर्षं अशी भरून ठेवत होतात आणि पेरणी होऊन गेली की दळून खात होतात?

तेरवी झाली. मिरग निघाला. जमिनीत चार बोटं ओल गेली तेव्हा भासऱ्यांनी सकाळी बैल सोडले आणि कापसाच्या फुल्या पाडायचं सामान काढायला लागले. हे त्यांना दोर धरून देत होते. मी चुलीपाशी होते. मी मडकं कमरेवर घेतलं, घडीपत्रिका हातात घेतली आणि अंगणात आले. दाराआड नाही. अंगणाच्या मधोमध, बैलांसमोर.

"दादा, आज तिफन जुपा. पह्यले जवारी."

बावीस वर्षांत त्यांनी माझा आवाज असा समोरून ऐकला नव्हता. त्यांनी माझ्याकडे पाहिलं नाही. बैलाच्या मानेकडे पाहत यांना म्हणाले, "इले म्हन, घरात जा."

"मलेच म्हना," मी म्हणाले. "मी इथंच उभी आहे."

आणि मी वाचलं. मोठ्यानं, सगळी घडीपत्रिका. माझा आवाज चिरकत होता, पदर कधीच खांद्यावर आला होता आणि मी तो उचलला नाही. उशिरा पेरलेल्या पिकावर खोडमाशी सर्वांत जास्त येते, हे वाक्य मी तीनदा वाचलं. शेजारच्या बाया कुंपणाशी येऊन उभ्या राहिल्या. भासऱ्यांचा चेहरा काळा-निळा झाला. मला वाटलं, आता हे दोर फेकून मला काहीतरी बोलतील, आणि मी ठरवलं होतं की बोलू देत, मी हलणार नाही. माझा नवरा पुढं झाला. फुल्या पाडायचं सामान परत खोपटात ठेवलं आणि तिफन बाहेर काढली. त्याच्या आयुष्यातलं सगळ्यांत मोठं बोलणं तेच असावं.

भासरे बैलांच्या पाठीवर हात ठेवून म्हणाले, "चाड्यावर कोन?"

"मी."

माझी मूठ तुमच्यासारखी नाही, बाई. कुठं ढीग पडले, कुठं रिकामं गेलं. प्रत्येक वळणावर भासरे मागं वळून काकराकडे पाहायचे आणि पुन्हा बैल हाकायचे. दुसऱ्या दिवशी दुपारपर्यंत दोन एकर पेरून झालं. त्यानंतर कापूस. कापसाचं काही बिघडलं नाही. दोन दिवसांनी काय बिघडणार होतं? हेच दोन दिवस तुम्हाला बावीस वर्षं दिले नाहीत.

काल मी नाल्याच्या वावरात गेले होते. रोपं गुडघ्याच्या खाली आहेत, पण भरलेली आहेत. पानं उलटी करून पाहत गेले. कुठं कुठं अंडं सापडलं. एका काकरात पाच-सहा पोंगे सुकलेले होते, तेवढेच. शेजारच्यांची ज्वारी आता कुठं उगवते आहे. त्यांचं काय होणार ते मला माहीत आहे आणि त्यांना सांगून झालं आहे. मी वाकून सुकलेले पोंगे उपटत होते, तेव्हा धुऱ्यावर सावली पडली. भासरे होते. मी पदर घेतला नाही. ते धुरा उतरून वावरात आले. माझ्यापासून दोन काकर अंतरावर वाकले. त्यांना वाकायला त्रास होतो आता. एक पोंगा धरला. तो अलगद हातात आला तेव्हा ते जरा दचकलेच. मग त्यांनी तो नाकाशी नेला आणि तोंड फिरवलं.

वावराकडेच पाहत म्हणाले, "हेच सांगे काय थे मले?"

"सांगत नोती दादा," मी म्हणाले. "बावीस वर्षं वरडत होती."

ते पोंगा टाकून देता देता थांबले आणि माझ्या हातातल्या फडक्यात ठेवला. मग पुढच्या काकरात वाकले. मला त्यांची कीव यायला हवी होती, कोणी पाहिलं असतं तर म्हणालं असतं की आता सोड राग. नाही सोडला मी. मी त्यांच्या शेजारच्या काकरात पोंगे उपटत होते आणि रागानं माझे कान तापले होते. कारण तुम्ही तिथं नव्हतात. कारण एका माणसाला दोन पावलं उतरून वाकायला तुमचं मरण लागलं, आणि मला तोंड उघडायलाही तेच लागलं.

ज्वारी सवंगून, कापून, घरी आली की पहिली भाकर तुमच्या नावानं थापीन. पंगतीत वाढणार नाही. उंबऱ्यावरही ठेवणार नाही. भासऱ्यांच्या समोर बसून मी ती स्वतः खाईन, आणि तुम्ही दर मिरगाला काय म्हणायच्या, ते त्यांना पुन्हा सांगीन.